माणूस हटला, लांडगे आले

महोदय,

युक्रेनमधल्या चेर्नोबिल अणुवीज केंद्राभोवतीच्या ओसाड गावांत लांडगे, रानडुकरं सुखानं नांदतात, म्हणजे किरणोत्सर्गाचा उगाच बाऊ केला, असा निकाल आमच्या पारावर परवा लागला. मला तो पटत नाही. २६ एप्रिल १९८६ च्या तिथल्या स्फोटानंतर त्या वर्षात सुमारे १ लाख १६ हजार माणसं हलवली गेली. बंदूक, नांगर, रहदारी एका झटक्यात थांबली, म्हणून जनावरांचं फावलं. पुढे तिथं सोडलेले प्रझेवाल्स्की जातीचे रानघोडे आज पडक्या गोठ्यांत आडोशाला उभे राहतात. पण स्फोटातून पसरलेलं किरणोत्सर्गी सीझियम-१३७ निम्मं व्हायलाच ३० वर्षं लागतात. ते मातीतून अळंबीत आणि तिथून डुकराच्या मांसात जातं. नुसतं दिसायला हिरवं असून काय उपयोग?

मला खरं कौतुक वाटतं ते बंदी मोडून घरी परतलेल्या तिथल्या म्हाताऱ्यांचं. बटाटे लावले, कोंबड्या पाळल्या, राहिल्या. (आमची आजीही तेच करती!)

आमच्या निफाड तालुक्यात गावं भरलेली आहेत आणि बिबट्याही आहे. मादी उसात पिल्लं घालते. रात्रीच्या लायनीवर (रात्री मिळणाऱ्या विजेवर) पाणी भरायला निघालो की मी मोबाइलवर मोठ्यानं भजनं लावतो, हातात बॅटरी. ऊसतोड सुरू झाली की ती पिल्लांसह बांधावर येते. निदान तोडीच्या महिन्यांत तरी शेतीची वीज दिवसा द्या.

– एक द्राक्ष बागायतदार, निफाड (जि. नाशिक)