शिकरणातली चारोळी सातपुड्याची

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला खान्देशी गोडधोडावरचा लेख वाचला. जळगावच्या केळीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, याची आठवण लेखात आहे हे बरं वाटलं. पण शिकरणाच्या ‘पारंपरिक’ कृतीत काजू-पिस्ते वाचून लिहायला बसलो.

काजू मूळचा ब्राझीलचा. पोर्तुगिजांनी तो सोळाव्या शतकात गोव्याकडे आणला. यावलला आमच्या घरी शिकरणात पडायची ती चारोळी, आणि डिंकाच्या लाडवात गोडंबी. दोन्ही सातपुड्यातून यायची. पावरा, भिल्ल आणि तडवी कुटुंबं ती आजही गोळा करतात. चारोळीच्या झाडाला चार म्हणतात; त्याचं फळ उन्हाळ्यात पिकून काळपट जांभळं होतं. वरचा आंबटगोड गर पोरं चोखून खातात, आणि आतली टणक बी फोडली की चारोळी निघते. एका झाडाचं फळही खायचं आणि बीही.

गोडंबीचं काम त्याहून कठीण. ती बिब्ब्याच्या आत असते, आणि टरफलातलं तेल कातडीला लागलं तर फोड येतात, जखमा होतात. माझी मोठी माय लाडू वळताना गोडंबी मोजून टाकायची. एखादा दाणा खाली सांडला की तो उचलायला लावायची, आणि फोडणारीच्या हातांची आठवण करून द्यायची. (आंबा, काजू, पिस्ता, चारोळी, बिब्बा ही सगळी वनस्पतिशास्त्रात एकाच कुळातली. म्हणजे लेखातला काजू हा आमच्या गोडंबीचा भाऊबंदच, पण घरचं माणूस सोडून पाहुण्याचंच नाव छापलं गेलं.)

पदार्थाचं मूळ सांगताना स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी थांबू नये, एवढंच माझं म्हणणं आहे. दुसऱ्याने आधी तोडू नये म्हणून चाराची फळं कच्चीच ओरबाडली जातात, त्यासाठी फांद्याही तोडतात. मग नवी रोपं उगवणार कशी? २००६ च्या वनहक्क कायद्याने गौण वनोपजावर (म्हणजे चारोळीसारख्या, लाकूड सोडून जंगलातून मिळणाऱ्या वस्तूंवर) गोळा करणाऱ्यांचा हक्क मान्य केला आहे, चारोळीचं नाव हमीभावाच्या यादीतही आहे. तरी बाजारात त्यांच्या पदरात किती पडतं?

आपला वार्ताहर येत्या उन्हाळ्यात सातपुड्यातल्या धडगावच्या (जि. नंदुरबार) बाजाराला पाठवावा. तिथे चारोळी आणणाऱ्या बाईला मिळालेला भाव आणि जळगावच्या दुकानातल्या पुडीवरचा भाव शेजारी शेजारी छापावा, ही विनंती.

आपला,
एक वाचक, यावल (जि. जळगाव)