खाला, झारा माझ्याच हातात राहू दिलात

प्रिय खाला,

सलाम.

हे पत्र मी डाव्या अंगठ्याने मोबाइलवर लिहिते आहे, त्याला तीन दिवस लागले. तुम्हाला मराठी बोललेलं सगळं कळतं, वाचायला मात्र नातीला जवळ बसवावं लागेल. तोंडाने आभार मानायला मी दोनदा तुमच्या दारात आले. दोन्ही वेळा तुम्ही "इसमें क्या है माँ" म्हणत चहा पुढे केलात आणि विषय बदललात. म्हणून आता चारचौघांसमोर लिहिते.

गेल्या वर्षी आषाढात मला अर्धांगाचा झटका आला. पहाटे उठले तर उजव्या पायात चप्पल जाईना, तोंड वाकडं झालेलं. आधी ज्या दवाखान्यात नेलं तिथे 'अशक्तपणा आहे' म्हणून सलाईन लावून झोपवून ठेवलं. मेंदूतली रक्ताची गाठ विरघळवायचं इंजेक्शन साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं, हे दुसऱ्या इस्पितळात कळलं तेव्हा दुपार झाली होती. यावर जास्त लिहीत नाही. लिहायला लागले की हात थरथरतो, आणि धड असा तो एकच हात आहे.

पाय सावरला, बोलणंही परत आलं, पण उजवा हात काही आला नाही. फिजिओथेरपीच्या ठिकाणी रबरी चेंडू दिला आणि दाबा म्हणाले. मला दाबता येत नसे. मग तिथला माणूस माझ्या मुठीवर स्वतःची मूठ ठेवून तोच दाबायचा आणि वहीत खूण करायचा. असे चार महिने पैसे भरले. बाई, हा हात तुम्हाला कशासाठी हवाय, असं त्या चार महिन्यांत एकानेही विचारलं नाही.

घरची माझीच माणसं आहेत, त्यांच्या मनात वाईट नाही. पण "तू बस, मी करते" हे वाक्य ऐकून ऐकून माझे कान किटले होते. पातेल्याला हात लावला की ते समोरून उचललं जायचं. भाजीत मीठ घालायला गेले, चार खडे ओट्यावर सांडले, तर नणंदेने मिठाची बरणीच वरच्या फळीवर ठेवून दिली. ज्या ओट्याशी तीस वर्षं उभी राहिले त्या स्वयंपाकघरात मी पाहुण्यासारखी दारात उभी राहून बघायला लागले. मुलगा पुण्याहून वाढदिवसाला येणार होता. फोनवर म्हणाला, "आई, यंदा बिर्याणी बाहेरून मागवू." त्याने ते माझ्या काळजीपोटीच म्हटलं. मी फोन ठेवला आणि जिन्याच्या पायरीवर जाऊन बसले.

तिथे तुम्ही आलात, खाला. रडू नको म्हणाला नाहीत. माझ्या शेजारी टेकलात आणि विचारलंत, "हाथ अच्छा हुआ तो पैला क्या पकाती तू?"

मी म्हटलं, बिर्याणी.

"तो चल. हाथ का रस्ता कायकू देखना?"

मी आयुष्यभर कुकरमध्ये दोन शिट्ट्यांची बिर्याणी केली होती. तुमची वेगळी. तुमचं माहेर हैदराबादचं. १९५६ पर्यंत आपला मराठवाडाही त्याच राज्यात होता, त्यामुळे तुमच्या अम्मीच्या लेखी लेक काही परमुलुखात दिलेलीच नव्हती. ती कच्च्या मांसाची दमाची बिर्याणी ईदला तुमच्याकडून आमच्याकडे यायची, दिवाळीचा फराळ आमच्याकडून तुमच्याकडे जायचा. वास जिन्यातच कळायचा. पण ती करायची कशी, हे इतक्या वर्षांत मी कधी विचारलं नव्हतं.

तांदूळ आणायलाही मलाच घेऊन गेलात, शहागंजला. बासमती पिकते तिकडे वर, पंजाब-हरियाणात, हिमालयाच्या पायथ्याशी. इथे आपण पारख करायची ती फक्त जुन्या-नव्याची. नव्या तांदळात ओल असते, तो चिकटतो. वर्ष-दोन वर्षं मुरलेला तांदूळ पाणी पितो आणि लांब फुलतो. तुम्ही दाणा दाताखाली धरायला सांगितलात. दुकानातला मुलगा मी डाव्या हाताने एकेक नोट मोजेपर्यंत थांबला, माझ्या पाकिटाला त्याने हात घातला नाही. मागे गिऱ्हाईक खोळंबलं होतं, तरी थांबला. त्यालाही या पत्रातून माझा नमस्कार.

घरी आल्यावर किलोभर कोंबडीच्या तुकड्यांत दही, आलं-लसूण, तळलेला कांदा, पुदिना, शहाजिरं पडलं आणि तुम्ही माझा उजवा हात, तोच उजवा, त्यात घालायला लावलात. "मुठ्ठी नक्को कर, खाली फिरा." आल्या-लसणाची झोंब बोटांना लागली. कितीतरी महिन्यांनी त्या बोटांना काहीतरी लागत होतं.

आता मला ज्यासाठी हे पत्र लिहायचं होतं तिथे आले.

या बिर्याणीत सगळा खेळ तांदळाचा. खाली मांस कच्चं, वर भात अर्धवट शिजलेला, आणि दोघांनी एकाच वेळी तयार व्हायचं. म्हणून भात उकळत्या पाण्यातून नेमका काढावा लागतो, मध्ये कणी राहिलेली असताना. तिथे उशीर झाला की वर लगदा होतो. आणि मी तर सावकाश. डाव्या हाताने झारा धरायचा, पाणी निथळू द्यायचं, डेगचीपर्यंत न्यायचा, पसरायचा. चपळ माणसाचं दोन मिनिटांचं काम, मला दहा मिनिटं लागणार हे तुम्हाला आधीच दिसलं होतं. तुम्ही तांदूळ दोन पातेल्यांत वाटलात. "आधा अब उबाल, आधा बाद में." तुमच्या अम्मीने शिकवलेली रीत माझ्या हाताच्या चालीने बदललीत, आणि असं बदलताना एका शब्दानेही बोलून दाखवलं नाहीत.

शीत तयार झालं का ते बघायला तुम्ही एक दाणा माझ्या उजव्या चिमटीत ठेवलात. दाब म्हणालात. चार महिने जो हात रबरी चेंडू दाबू शकला नव्हता, त्याने तांदळाचं शीत दाबलं. ते तुटलं. मध्ये पांढरा टिपका दिसला. "कनी है," मी ओरडलेच.

मग मी झारा उचलला. पहिल्याच खेपेला अर्धा भात गॅसवर सांडला. दुसऱ्या खेपेला पाण्याची धार फरशीवर. माझ्या पोटात गोळा आला, कारण आता काय होतं ते मला पाठ होतं. आता एक हात येणार आणि झारा अलगद काढून घेणार. मी तुमच्याकडे बघितलं. तुम्ही दोन्ही हात ओढणीत गुंडाळून भिंतीला टेकून उभ्या होतात. ओढणीच्या आत तुमची बोटं हलत होती, खाला. मी ती पाहिली. पन्नास वर्षं डेगच्या उतरवलेले ते हात पुढे यायला तडफडत होते आणि तुम्ही ते ओढणीत बांधून ठेवले होते. म्हणालात एवढंच, "गिरने दे. पानी थोडा जाना बी होना, दम कू भाप लगती."

झारा माझ्याच हातात राहिला. तिसरी खेप, चौथी, किती ते मोजलं नाही. केशराचं दूध मी शिंपडलं, तूप मी सोडलं. कणकेची वळी झाकणाच्या कडेला लावायला दोन हात लागतात. तेव्हा तुम्ही विचारलंत, "मैं धरूँ?" मी हो म्हटल्यावर झाकण धरलंत. आधी विचारलंत आणि मग धरलंत. आधी मोठ्या आचेवर, मग खाली तवा ठेवून मंद. अर्धा तास आपण दोघी खाली बसलो. कडेतून वास यायला लागला तेव्हा मी डोळे मिटून घेतले होते.

बिर्याणीत दोष होते, ते मला दिसले. दुसऱ्या पातेल्यातला भात किंचित जास्त शिजला, खालच्या कोपऱ्यात थोडं लागलं. मुलाने तो लागलेला थरही खरवडून खाल्ला. ताट संपेपर्यंत तो बोलला नाही, आणि मग बोलायला त्याला जमलं नाही. नणंद मात्र हसत म्हणाली, "खालांनीच केली असणार ना?"

तुम्ही दारातच होतात. "खुदा कसम, मैं हाथ बी नै लगाई."

हे वाक्य मी रोज रात्री झोपताना आठवते. मला आयुष्यात पुष्कळ लोकांनी हात दिला, त्यांचीही मी ऋणी आहे. पण दुसऱ्याचं काम आपल्याला झटकन जमत असताना स्वतःचे हात आवरून उभं राहणं फार थोड्यांना जमतं. भल्या माणसालाही जमत नाही, कारण दुसऱ्याची धडपड बघवत नाही. तुम्हालाही बघवत नव्हती. तरी तुम्ही ती शेवटपर्यंत बघितलीत. आपल्या गल्लीत, या शहरात, कुणी कुणाच्या दारात का उभं राहतं याच्या वाट्टेल त्या गोष्टी लोक सांगतात. त्यांनी एकदा त्या दुपारी माझ्या स्वयंपाकघरात भिंतीला टेकून उभी असलेली सत्तरीची बाई बघायला हवी होती.

त्या दिवसापासून मिठाची बरणी खाली आली आहे. सून भाजी चिरायला विळी माझ्यापुढे ठेवत नाही अजून, पण वाटाणे सोलायला देते. सकाळच्या भाताचं शीत मी रोज उजव्या चिमटीत दाबते. कधी तुटतं, कधी निसटतं.

तुमची डेगची अजून आमच्याकडेच आहे. घासून ठेवली आहे, पण रिकामं भांडं परत द्यायचं नसतं. येत्या रविवारी तांदूळ परत दोन पातेल्यांत टाकणार आहे, या खेपेला तुम्ही नसताना. दुपारी एकपर्यंत जेवू नका. भरलेली डेगची जिना उतरून आणायला मात्र मला मदत लागेल, ती मी मागते आहे. एक कान मी धरेन. दुसरा धरायला नातीला पाठवा.

तुमची,
वरच्या मजल्यावरची