मंत्री महोदय, माझी तक्रार निकाली निघाली म्हणे

माननीय मंत्री महोदय,

सादर नमस्कार.

हे पत्र कोणाच्या नावाने लिहायचं यातच माझे दोन दिवस गेले. परदेशात राबणाऱ्यांसाठी २००४ साली वेगळं मंत्रालय निघालं होतं, ते २०१६ मध्ये परराष्ट्र खात्यात विलीन झालं. तेव्हा सध्या आम्ही ज्यांच्या टेबलावर असू, त्यांनी हे वाचावं ही विनंती.

यंदा ९ जानेवारीला, म्हणजे प्रवासी भारतीय दिवसालाच, मला मोबाइलवर मेसेज आला. इंग्रजीत. मुलीने वाचून दाखवला: 'युवर ग्रीव्हन्स हॅज बीन डिस्पोज्ड ऑफ.' म्हटलं, डिस्पोज म्हणजे काय गं? ती म्हणाली, बाबा, तक्रार निकाली काढली. आखातात आमच्या कामगार कॅम्पात डिस्पोजल लिहिलेले मोठे पिंप असायचे. त्यात उष्टंखरकटं टाकायचो. मी आपला तोच अर्थ घेतला.

तक्रार एवढीच होती. आखातात एका कंपनीत अकरा वर्षं पाइप फिटर होतो. २०२० साली कोरोनात कंपनीने काम थांबवलं, पाच महिन्यांचा पगार दिला नाही, नोकरी संपल्यावर कायद्याने मिळतो तो हिशेबही दिला नाही. सगळं मिळून आपल्या पैशांत पावणेपाच लाख. कंपनीचं नाव इथे लिहीत नाही आणि ज्या कचेरीने तक्रार बंद केली तिचंही नाही. लिहिलं तर पुन्हा चकरा मलाच माराव्या लागतील. मला एकदा फोन तरी आला असता तर चाललं असतं. 'तक्रारदाराचे समाधान झाले आहे' असा शेरा आहे. कोणाचं झालं हो समाधान?

महोदय, तो जून मला विसरता येत नाही. मी कॅम्पात, एका खोलीत आठ जण, बाहेर पडायची बंदी. ३ जूनला निसर्ग वादळ आमच्या दापोली-मंडणगडवर आलं. दोन दिवस घरी फोन लागेना. तिसऱ्या दिवशी शेजारच्या पोराने व्हिडिओ पाठवला, त्यात पडवी उघडी, कौलं खळ्यात, आणि आईने लावलेल्या सुपारीच्या बागेतलं एक झाड धड उभं नाही. आई त्या व्हिडिओत खुर्चीवर बसलेली दिसते, डोक्यावर प्लास्टिकचा कागद. तो व्हिडिओ अजून माझ्या फोनमध्ये आहे. पंचनाम्याला माणसं आली तेव्हा म्हणाली, घरमालक कुठाय? घरमालक परदेशात, देशासाठी परकीय चलन कमवत होता, साहेब.

महिनाअखेरीस कोरोनातल्या 'वंदे भारत' मोहिमेच्या विमानाने आलो. नाव ऐकून वाटेल सरकारने आणलं. तिकीट माझं, बायकोच्या पाटल्या मोडून. मुंबईत उतरल्यावर सात दिवस हॉटेलात ठेवलं, त्याचं भाडंही माझंच. जून २०२४ मध्ये कुवेतला मंगाफच्या इमारतीत आग लागून आपले पंचेचाळीस लोक गेले, तेव्हा मात्र हवाई दलाचं विमान गेलं. बरं झालं गेलं, त्याबद्दल तक्रार नाही. पण मनात आलंच, की सरकारी विमान मिळायला आधी मरावं लागतं काय.

विम्याचंही तसंच. माझ्या पासपोर्टवर ईसीआरचा शिक्का, म्हणजे कामाला बाहेर जायला सरकारी मंजुरी लागते, कारण दहावीला गणितात नापास. अशांना परदेशी जाताना प्रवासी भारतीय विमा सक्तीचा. दोन वर्षांचे २७५ रुपये, अपघाताने गेलो तर घरच्यांना दहा लाख. पॉलिसी चांगली आहे. फक्त जिवंत, पगार बुडवून परत येणाऱ्यासाठी तिच्यात रकाना नाही.

आता आकडे. मी शिकलेला नाही, पण पेपर वाचतो. २०२४-२५ मध्ये परदेशातल्या भारतीयांनी साडेतेरा हजार कोटी डॉलर पाठवले, असं रिझर्व्ह बँकेचा आकडा सांगतो. बाहेरच्या कंपन्या येऊन गुंतवतात त्यापेक्षा हे कितीतरी जास्त. पण त्या कंपन्यांसाठी गालिचा, जमीन, करसवलत, एक खिडकी. आणि आमच्यासाठी निकाली निघालेली तक्रार. त्याच बँकेच्या २०२३-२४ च्या पाहणीत महाराष्ट्राचा वाटा साडेवीस टक्के, देशात पहिला, केरळपेक्षाही वर. यात अमेरिकेतले संगणकवाले किती आणि आमच्यासारखे पाने-हातोडीवाले किती, हे कोणीतरी वेगळं काढून सांगावं. सगळी आखाती राष्ट्रं मिळून वाटा ३८ टक्क्यांच्या आसपास, अमेरिकेपेक्षा मोठा. तेव्हा आम्ही अगदीच चिल्लर नसू.

केरळने १९९८ पासून आपली बाहेर गेलेली माणसं दर काही वर्षांनी निवडक घरांत जाऊन, पाहणी करून मोजली. त्यांच्याकडे परतलेल्यांसाठी कल्याण मंडळ आहे, नोरका म्हणून बाहेरच्या केरळी लोकांसाठी वेगळं सरकारी खातं आहे. आमच्या तालुक्यातून किती जण बाहेर आहेत ते तहसीलदारांना विचारा. ग्रामसेवकाला विचारा. आमच्या वाडीचं मी सांगतो: छत्तीस घरं, त्यांतली अकरा कुलूपबंद. चिऱ्याची, लादी घातलेली, वर पाण्याची टाकी, आत माणूस नाही. विकास झालाय, राहायला कोणी नाही.

परत आल्यावर रिक्षा घ्यावी म्हणून बँकेत गेलो. याच शाखेत एकोणीस वर्षं माझे पैसे आले, वाडीतल्या सगळ्यांचे येतात. साहेब म्हणाले, गेल्या तीन वर्षांचा उत्पन्नाचा दाखला आणा. उत्पन्न परदेशातलं, तेही बुडालेलं, दाखला कोण देणार? म्हणजे ठेवायला आमचे पैसे चालतात, कर्ज द्यायला आम्ही चालत नाही. आमच्या ठेवींवर कर्ज कोणत्या शहरात कोणाला मिळतं देव जाणे.

आणि सप्टेंबर २०२० चं ते परिपत्रक आठवतं का? जगभर पगार बुडत होते, तेव्हा आपल्याच सरकारने आखातात जाणाऱ्यांचा किमान पगार खाली आणला. काही देशांसाठी महिना २०० डॉलर. म्हणे नोकऱ्या टिकाव्यात म्हणून. पुढच्या वर्षी मागे घेतलं, पण मधल्या काळात ज्यांनी त्या पगारावर अंगठा दिला त्यांचं काय? आपला माणूस स्वस्त आहे हे दुकानदाराने सांगावं, बापाने कशाला सांगायचं?

आमच्या परदेशी कामाला जाण्याचा कायदा १९८३ चा. तेव्हा मी शाळेत होतो. नवा करू म्हणून २०१९ ला मसुदा, २०२१ ला मसुदा, २०२५ ला पुन्हा मसुदा. जनतेच्या सूचना मागवल्या जातात, इंग्रजीत.

माझा बाप गिरणीत होता. १९८२ च्या संपाने तो गावी आला तो परत गेलाच नाही. गिरणीच्या जागी आता टॉवर आहे, त्याच्या प्लंबिंगला आमच्याच गावातली पोरं होती. मी २००१ ला आखातात गेलो. आता पोरगा निघालाय. आधी मुंबई, मग आखात, उद्या आणखी कुठे. रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या २००१ ते २०११ मध्ये वाढायची सोडून कमी झाली, २०११ ला हजार पुरुषांमागे अकराशे बावीस बाया होत्या. प्रत्येक सरकारने धरण, बंदर, रिफायनरी, पर्यटन असं काहीतरी दाखवलं आणि आम्ही आपले बॅग भरत राहिलो. कोकणी माणूस बाहेर जाऊन पैसे पाठवतो म्हणून कोकणात काही केलं नाही तरी चालतं, हेच तुमचं धोरण असेल तर तसं लेखी द्या. निदान पोरं भाषा तरी वेळेवर शिकतील.

पोराला एजंटने एक लाख चाळीस हजार सांगितलेत. रोख, पावती नाही. तुमच्या नियमात तीस हजार आणि वर जीएसटी, म्हणजे ३५,४०० च्या पुढे एक रुपया घेता येत नाही. नियम मी मोबाइलवर काढून दाखवला. एजंट हसला, आणि चहा मागवला. पोरगा म्हणतो, बाबा, वाद घालू नका, व्हिसा जाईल.

मागणं मोठं नाही. माझी तक्रार पुन्हा उघडा आणि बंद करण्याआधी एक फोन करा, मराठीत. आमच्या जिल्ह्यातून कोण कुठे गेलंय ते एकदा मोजा. आणि त्या ३५,४०० चं काय ते बघा, पोरगा पुढच्या महिन्यात पैसे भरणार आहे, घराच्या मागची सुपारीची जागा गहाण टाकून. निसर्गनंतर लावलेली झाडं आता कुठे कंबरेच्या वर आलीत.

तक्रार क्रमांक सोबत जोडला आहे. फोन सकाळी करू नका, वाडीत रेंज नसते. संध्याकाळी सहानंतर मी देवळामागच्या टेपावर असतो, तिथे लागतो.

आपला,
एक परतलेला पाइप फिटर
तालुका दापोली, जिल्हा रत्नागिरी