विषय: चवथीतलं मुलांचं नाटक आणि मागच्या आवारातला फणसाचा ओंडका

फोंडा, २० ऑगस्ट

मा. अध्यक्ष,
सप्रेम नमस्कार.

परवा नोटीस बोर्डावर लागलेला कागद वाचला. मुलांच्या नाटकातला मंत्राने झाडं उजळण्याचा प्रवेश अंधश्रद्धा पसरवतो म्हणून गाळावा, आणि ए विंगच्या मागे पडलेला फणसाचा ओंडका वाळवी आणतो म्हणून टेंपोत घालून पाठवून द्यावा, असे दोन ठराव कमिटीने एका बैठकीत केलेत. या दोन्हींचा एकमेकांशी संबंध आहे हे बहुधा कुणाच्या लक्षात आलं नाही. नाटक लिहून घेणारी मीच, म्हणून हे पत्र.

नाटकातल्या डॉक्टर काजवे या बाई मुलांनीच रचल्या. पांढरा कोट, कानामागे अबोलीचा वळेसर, टेबलावर काचेची बरणी. बरणीत कुजलेल्या लाकडाचा तुकडा. बाई झाकण उघडतात, काहीतरी पुटपुटतात, फुंकर मारतात आणि लाकूड हिरवट उजळतं. झाकण लावलं की विझतं. कमिटीला हा तांत्रिक प्रकार वाटला. पण फुंकरेची ही कल्पना मुलांना मी दिली, आणि मला ती सतराव्या शतकातल्या रॉबर्ट बॉईल या शास्त्रज्ञाकडून मिळाली. बॉईलने १६६८ साली छापलेल्या प्रयोगात चमकणारं कुजकं लाकूड काचेच्या भांड्यात ठेवून पंपाने हवा काढली. उजेड मावळला. हवा आत सोडली तशी चमक परत आली. लाकडातली बुरशी ऑक्सिजन वापरून उजेड करते, हे कळायला पुढे बराच काळ जावा लागला. तोवर लोकांनी अशा लाकडाला भुताखेताचा उजेडच म्हटलं असेल, त्यांना नावं ठेवण्यात अर्थ नाही.

आपल्या गोव्यात हे पुस्तकातलंच नाही. म्हादई अभयारण्यात पावसाळ्यात अशा उजळणाऱ्या अळंब्या दिसतात, त्यांच्या बातम्याही येऊन गेल्यात. आणि गेल्या महिन्यात रात्री लाईट गेली तेव्हा मी टॉर्च शोधायला गॅलरीत आले, तर खाली ओंडक्याच्या भेगेत फिकट हिरवी रेघ दिसली. पाच-सहा मिनिटं अंधारात डोळे सरावल्यावर ती नीट दिसायला लागली. जनरेटर सुरू झाला, हॅलोजन लागला, रेघ गेली. मुलांना दुसऱ्या दिवशी सांगितलं, आणि नाटक तिथून सुरू झालं.

आता मंत्राविषयी. तो मंत्र म्हणजे उजेड तयार होण्याची कृती आहे, फक्त मुलांनी ती आरतीच्या चालीत बसवली आहे: ल्युसिफेरिन (उजेड देणारं रसायन), ल्युसिफरेज (ती क्रिया घडवणारं विकर), ऑक्सिजन, प्रकाश. काजव्यात हेच होतं, बुरशीतही हेच, रसायनं तेवढी वेगळी. १९८६ साली शास्त्रज्ञांनी काजव्याचा जनुक तंबाखूच्या झाडात घातला होता. पण त्याला ल्युसिफेरिन बाहेरून पाजावं लागायचं. २०२० साली उजळणाऱ्या बुरशीचे जनुक तंबाखूतच घातले, आणि झाड स्वतःच्या आतल्या कॅफिक आम्लापासून उजेड करू लागलं. काही पाजावं लागेना. २०२४ पासून अमेरिकेत अशी पेटुनियाची रोपं विकतही मिळतात. डॉक्टर काजवेंच्या बरणीत जादू आहे ती एवढीच.

(खजिनदारांनी जिन्यात विचारलं, अशी झाडं वाटेवर लावली तर कॉमन लाईटचं बिल वाचेल का? नाही वाचणार. चंद्र नसलेल्या रात्री दिसतात इतकाच त्यांचा उजेड. शिवाय अशी जनुक बदललेली रोपं आपल्याकडे परवानगीशिवाय आणता येत नाहीत. कुणी ऑनलाईन मागवू नये.)

स्टेजवर खरी बुरशी आणणार नाही, ती दहाव्या रांगेतून दिसणारही नाही. आम्ही पालकाची पानं स्पिरिटमध्ये चेचून गाळतो. अतिनील टॉर्च मारला की हिरवा रस लालभडक दिसतो, तो हरितद्रव्याचा गुण. हळद स्पिरिटमध्ये मिसळली तर पिवळट हिरवी चमकते. हा उजेड टॉर्च बंद केला की संपतो आणि बुरशीचा तसा संपत नाही, हे वाक्य डॉक्टर काजवेंच्या तोंडी आहे, ते कृपया ऐकून जा. आगीची भीती तुम्ही काढाल, ती रास्त आहे. स्पिरिट बंद बाटलीत असेल, समई आणि गणपतीवर टांगलेल्या माटोळीपासून लांब, आणि बाटली माझ्याच हातात. टॉर्च डोळ्यांत मारायचा नाही, हे मुलांना रोज बजावते.

तेव्हा मागणी अशी. प्रवेश गाळू नये. त्या पंधरा मिनिटांत मंडपाचे आणि मागचे हॅलोजन बंद ठेवावेत, गणपतीपुढची समई राहील. अंधारात कुणी पडू नये म्हणून वॉचमनने जिन्यापाशी उभं राहावं.

आणि ओंडका. वाळवीची काळजी मलाही आहे, माझ्याच खिडकीखाली तो आहे. भिंतीला लागून न ठेवता कंपाउंडच्या कोपऱ्यात, नाल्याच्या कडेला सरकवला तर चालेल. पाच जणांनी ढकलला तर अर्ध्या तासाचं काम आहे, रविवारी सकाळी मुलांचे वडील येतो म्हणालेत. फक्त त्याच्यावर चुना किंवा फिनेल कुणी टाकू नये, आणि त्याला उलटा करू नये. भेग वरच्या बाजूला आहे.

टेंपोवाल्याला शनिवारचं सांगितलं असेल तर कृपया आजच नको म्हणून कळवावं.

आपली,
बी विंग, फ्लॅट २०३