चौथा प्लॉट

आदरणीय मॅडम,

या महिनाअखेर मी निवृत्त होतेय. एकतीस वर्षं डेटाबेसमध्ये गेली. आधी फॉक्सप्रो, मग ओरॅकल, पुढे पोस्टग्रेस, शेवटी नुसतं डेटा आर्किटेक्चर. ऑफिसातलं सामान आवरायला घेतलं, तर कपाटातून तुमच्या हातची आकृती निघाली, आणि हे पत्र लिहायला बसले.

१९९४चा डिसेंबर. साखर कारखान्याच्या ऊसबिलाचं काम आपल्याकडे आलं होतं. शेतकऱ्यांचं टेबल, म्हणजे डेटाबेसमधला माहितीचा तक्ता, मी एका संध्याकाळी उरकलं : सभासद नंबर, नाव, गाव, पुढे उसाच्या शेतांसाठी प्लॉट१, प्लॉट२, प्लॉट३. तुम्ही प्रिंटआउट बघून एवढंच विचारलंत, "चौथा प्लॉट निघाला तर?" मी म्हणाले, कॉलम वाढवू. तुम्ही रागावला नाहीत. दुसऱ्या दिवशी पहाटेच्या एसटीने मला कारखान्यावर घेऊन गेलात.

वजनकाट्यापाशी बैलगाड्यांची रांग होती. गाडी भरलेली एकदा काट्यावर यायची, रिकामी एकदा. पावतीवर सभासद नंबर, गट नंबर, उसाची जात, तोडणीची टोळी आणि दोन्ही वजनं. तुम्ही स्लिपबॉयला, म्हणजे उसाच्या नोंदी ठेवणाऱ्या पोराला, एका आजोबांचा नंबर दाखवून विचारलंत, तर तो म्हणाला, "सभासद एकच, पण नोंदी पाच हायत की." माझे तीन कॉलम तिथेच संपले.

रात्री गेस्टहाउसवर कोऱ्या पावत्यांच्या पाठीवर तुम्ही तीन चौकटी काढल्यात : शेतकरी, प्लॉटची नोंद, वजनपावती. मग दराकडे वळलात. मी उसाच्या दराचा एकच कॉलम ठेवला होता, पैसे मात्र हप्त्यांनी मिळायचे; पहिला हप्ता म्हणजे उचल. "दुसरा हप्ता जाहीर झाला की पहिल्या उचलीचा दर कुठे जाईल?" तेव्हापासून प्रत्येक दराला स्वतःची ओळ आणि स्वतःची तारीख. पुण्याला परतल्यावर तुम्ही मला एडगर कॉड यांच्या, म्हणजे माहिती अशी एकमेकांशी जोडलेल्या टेबलांत ठेवण्याची कल्पना मांडणाऱ्या शास्त्रज्ञांच्या, १९७०च्या लेखाची झेरॉक्स दिलीत. त्यात कर्मचारी, त्याची मुलं आणि त्याच्या पगाराचा इतिहास वेगवेगळ्या टेबलांत मांडलेला आहे. काटा बघून आलेली नसते, तर त्या लेखातलं मला अक्षरही कळलं नसतं.

साल चार आकडी लिहायचं, हा आग्रहही तुमचाच. १९९९मध्ये, दोन आकडी सालांमुळे २००० उजाडताच तारखा चुकतील म्हणून, बाकी सिस्टीम्ससाठी रात्री जागवल्या, ऊसबिलातल्या तारखांना हात लावावा लागला नाही.

हल्ली "सगळं जेसनमध्ये टाकून ठेवू, नंतर बघू" असं पुष्कळजण म्हणतात, म्हणजे टेबलं न आखता माहिती एका सैल मजकुरात तशीच साठवायची. मला ते पटत नाही. नंतर बघणारा दुसराच कुणी असतो, आणि काट्यावर काय घडलं ते सांगायला तोवर कुणी उरलेलं नसतं.

मागच्या महिन्यात टीममधल्या एका मुलीने रुग्णांच्या टेबलात मोबाइल१, मोबाइल२ असे कॉलम टाकले. तिला घेऊन हॉस्पिटलच्या नोंदणी खिडकीशी अर्धा दिवस बसले. तिथे एक बाई आल्या, त्यांचा स्वतःचा फोन नव्हता. मुलाचा, सुनेचा आणि शेजाऱ्यांचा, असे तीन नंबर त्यांनी दिले. मुलगी माझ्याकडे बघून हसली आणि वहीत नवी चौकट काढू लागली.

मॅडम, तुमच्यावर तेव्हा तीन प्रोजेक्ट्स होते, तरी माझ्यासारख्या नवख्या मुलीसाठी तुम्ही दोन दिवस मोडलेत. याबद्दल कधी नीट बोललेच नाही. मनापासून आभार. दिवाळीत घरी येते. त्या पावत्या सोबत आणते, तुमचं अक्षर अजून स्वच्छ वाचता येतं.

तुमची विद्यार्थिनी