नुसता एचआरसीटी पुरत नाही, मानेची शीरही बघा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

घसादुखीला आठवडा होतो, घसा जरा बराही वाटू लागतो आणि एके दिवशी हुडहुडी भरून ताप चढतो. मान एकाच बाजूला, जबड्याच्या कोनाखाली दुखते. पुढे छातीत कळा येतात, धाप लागते. पंधरा ते पंचवीस वर्षांच्या, एरवी धडधाकट मुलामुलींत असे दिसले तर लेमिएर सिंड्रोमची शंका घ्यायलाच हवी. जंतू टॉन्सिलशेजारून मानेतल्या मोठ्या शिरेत, म्हणजे जुग्युलर व्हेनमध्ये शिरतात. तिथे गुठळी धरते आणि तिचे पुवाळलेले कण हृदयातून फुफ्फुसांत जाऊन अडकतात. आंद्रे लेमिएर या फ्रेंच डॉक्टरांनी १९३६ साली अशा २० रुग्णांची हकिगत मांडली, त्यातले १८ दगावले होते. आज प्रतिजैविकांमुळे बहुतेक जण वाचतात, मात्र निदान वेळेत झाले तर.

आजार दुर्मीळ आहे, म्हणूनच तो निसटतो. सोलापुरात पावसाळ्यात थंडीताप आणि प्लेटलेट कमी म्हटले की डेंग्यू ठरतो. या आजारातही प्लेटलेट उतरतात, कधी डोळे पिवळे होतात. पण पांढऱ्या पेशी आणि सीआरपी (शरीरातला दाह दाखवणारी रक्ततपासणी) खूप वाढलेले असतात, आणि ते डेंग्यूच्या चित्रात बसत नाही. फुफ्फुसात पोकळी दिसली की आपल्याकडे आधी टीबी आठवतो. थुंकी जरूर तपासावी, पण आठवडाभरात उपटलेल्या, दोन्ही फुफ्फुसांच्या कडेकडेने विखुरलेल्या लहानमोठ्या गाठी आणि त्यातल्या काही पोखरलेल्या, हे चित्र शिरेतून आलेल्या पुवाळलेल्या कणांचे असते.

आमचे मुख्य गाऱ्हाणे डॉक्टर तपासणीसाठी लिहून देतात त्या चिठ्ठीबद्दल आहे. कोविडनंतर धाप लागली की ‘एचआरसीटी चेस्ट’, म्हणजे फुफ्फुसांचा बारकाईचा सीटी स्कॅन, लिहायची सवय पडली आहे. ती तपासणी डायशिवाय (रक्तवाहिन्या उजळून दिसाव्यात म्हणून शिरेतून देतात त्या औषधाशिवाय) होते आणि मान तिच्यात येतच नाही. फुफ्फुसातल्या गाठी दिसतात, त्या जिथून आल्या ती शीर राहून जाते. रिपोर्ट ‘न्यूमोनिया’ म्हणून जातो.

सुरुवात सोनोग्राफीने करावी. ती खाटेजवळही होते. रुग्णाला सपाट झोपवावे, बसवले तर मानेची शीर आपोआप मिटते. वरवरचे भाग दाखवणारा लिनिअर प्रोब (सोनोग्राफीचा सपाट तोंडाचा दांडा) आडवा धरून जबड्याच्या कोनापासून हासळीपर्यंत दर सेंटिमीटरला हलकेच दाबत जावे. निरोगी शीर लगेच चपटी होते, शेजारची धमनी गोल राहून उडत असते. गुठळी असेल तर शीर दबत नाही आणि कलर डॉपलरमध्ये (वाहते रक्त रंगात दाखवणाऱ्या सोनोग्राफीत) रंग भरत नाही. ताजी गुठळी पडद्यावर रक्तासारखीच काळी दिसते, म्हणून नुसते बघून ‘नॉर्मल’ लिहू नये. गुठळी दिसल्यावर मात्र उगाच दाबत बसू नये. जबड्यामागचा आणि हासळीखालचा भाग सोनोग्राफीत दिसत नाही. तेव्हा ती स्वच्छ आली तरी शंका दाट असेल तर थांबू नये.

पुढची पायरी डाय देऊन सीटी: कवटीच्या तळापासून पूर्ण छातीपर्यंत, एकाच वेळी. आधी क्रिएटिनिन (मूत्रपिंडाची रक्ततपासणी) बघावे, कारण जंतुसंसर्गात मूत्रपिंडावरही ताण येतो. प्रौढाला साधारण ८० ते १०० मिली डाय लागतो, तो शक्यतो दुखऱ्या बाजूच्या उलट हातातून द्यावा. नाहीतर घट्ट डायचे पट्टे नेमक्या हव्या त्या जागी उमटतात. मानेचे चित्र ६०-७० सेकंदांनी घ्यावे. पंचवीस-तीस सेकंदांत घेतले तर धमन्या भरतात, शिरेत डाय नीट मिसळलेला नसतो आणि नसलेली गुठळी भासते. खरी गुठळी असते तेव्हा शीर फुगलेली, आतून काळी, भिंत उजळलेली आणि भोवतालची चरबी धुरकट दिसते.

रक्ताचे कल्चर (रक्तातले जंतू वाढवून ओळखायची तपासणी) प्रतिजैविकाच्या पहिल्या डोसाआधी घ्यावे. प्रयोगशाळेत बहुधा एकच बाटली जाते, तीही हवेत वाढणाऱ्या जंतूंची. हा आजार बहुधा ज्याच्यामुळे होतो तो फ्युजोबॅक्टेरियम जंतू हवेत वाढत नाही, त्याची बाटली वेगळी मागावी लागते आणि उत्तराला काही दिवस लागतात. म्हणून निदान बहुधा सोनोग्राफी-सीटीच्या चित्रावरच होते. मेडिकलमधून परस्पर घेतलेल्या अॅझिथ्रोमायसिनच्या तीन गोळ्यांचा या जंतूवर भरवसा नाही. पेनिसिलिन गटातले औषध आणि मेट्रोनिडाझोल सुरुवातीला शिरेतून द्यावे लागते, आणि सगळे मिळून उपचार तीन ते सहा आठवडे चालतात.

मोहोळ, अक्कलकोट, मंगळवेढ्याहून रुग्ण पाठवताना चिठ्ठीवर इतके जरूर लिहावे: घसा कधी दुखला, मान कोणत्या बाजूला दुखते, हुडहुडी कधीपासून. आधीच्या फिल्म सोबत द्याव्यात. औषध बरोबर असूनही ताप आठवडाभर रेंगाळू शकतो. तेव्हा लगेच औषध बदलण्याआधी छातीची सोनोग्राफी करून फुफ्फुसाभोवती पू साठला आहे का, ते बघावे.

आपले,
दोन रेडिओलॉजिस्ट, सोलापूर