ग्रॉस, नेट आणि रुसलेले दिग्दर्शक

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

बड्या सिनेमांच्या दिग्दर्शकांना टीका सोसत नाही, असं नेहमी लिहिलं जातं. अहंकार असतोच, पण भांडणाचं मूळ गल्ल्यात आहे. सेंट्रल इंडिया सर्किटचं, म्हणजे सिनेमा-वितरणाच्या एका विभागाचं, केंद्र असलेल्या इंदुरात तरी हे वेगळं सांगायला नको.

२००९ साली निर्मात्यांचा मल्टिप्लेक्सवाल्यांविरुद्धचा संप मिटला तेव्हा वितरकाचा वाटा ठरला: पहिल्या आठवड्यात नेटच्या (कर वजा जाता उरलेल्या गल्ल्याच्या) ५० टक्के, मग ४२.५, ३७.५ आणि चौथ्यापासून ३०. २५० रुपयांच्या तिकिटातून १८ टक्के जीएसटी वजा केला की उरतात सुमारे २१२. त्यातले पहिल्या आठवड्यात वितरकाचे १०६, तिसऱ्यात जेमतेम ७९. परीक्षण वाचून ‘बघू नंतर’ म्हणणारा प्रेक्षक तिसऱ्या आठवड्यात आला तरी वितरकाचे माणशी २७ रुपये गेलेच. समीक्षकांसाठीचे प्रेस शो प्रदर्शनाच्या आदल्या रात्रीवर, गुरुवारवर, का ढकलतात, हे यावरून कळावं.

वर्तमानपत्रंही धुतल्या तांदळाची नाहीत. ‘१०० कोटींचा गल्ला’ छापताना ग्रॉस (करासकट) की नेट, हे बहुधा लिहीतच नाहीत. १८ टक्क्यांच्या हिशेबाने १०० कोटी ग्रॉस म्हणजे जवळपास ८५ कोटी नेट. पोस्टरवर एक आकडा, समीक्षकाच्या लेखात दुसरा. खोटं कोणीच बोलत नाही आणि तरी जुंपते! तेव्हा आकड्यापुढे तो एक शब्द छापाच.

मुलाखतींचंही तेच. सहा-आठ पत्रकार एका टेबलाशी, वीसेक मिनिटं, कोपऱ्यात घड्याळ बघणारा पीआरवाला. त्यातून निघालेल्या मजकुराला ‘खास बातचीत’ म्हणू नये. आणि मुलाखत घेणाऱ्यालाच परीक्षण देऊ नये. पुढच्या वेळी बोलावणं येणार नाही या धास्तीने हात आखडतो. आपले जयप्रकाश चौकसे वितरणाच्या धंद्यातले, तरी २६ वर्षं सिनेमावर रोजचं सदर लिहीत राहिले. दोन्ही टोप्या उघड घातल्या होत्या, लपवाछपवी नव्हती.

दिग्दर्शक चिडलाच तर त्याचं म्हणणं पत्रांच्या सदरातच छापा, त्याची वेगळी सनसनाटी बातमी नको. ‘टायटॅनिक’ला ११ ऑस्कर मिळाल्यावर, मार्च १९९८ मध्ये, जेम्स कॅमेरॉन यांनी ‘लॉस एंजेलिस टाइम्स’ला पत्र लिहून समीक्षक केनेथ टुरान यांना हटवण्याची मागणी केली होती. वर्तमानपत्राने ते पत्र छापलं. टुरान २०२० पर्यंत तिथेच परीक्षणं लिहीत होते.

आपले,
चित्रपट वितरणाशी संबंधित काही वाचक,
रामबाग, इंदूर